कुर्ट बोइसचं करियर बघायचं असेल तर उलटं बघा

"अरे हा चेहरा कुठंतरी बघितलाय" असं वाटतं पण नाव काही केल्या आठवत नाही, असे जे कॅरेक्टर ॲक्टर असतात त्यांचं करियर बघायचं म्हणजे नेटवर फिल्मोग्राफी उघडायची आणि पहिल्या फिल्मपासून एकेक टिक करत जायचं असं बऱ्याच जणांना वाटतं. मी पण तेच केलं होतं, चौथ्या फिल्मला कंटाळलो. जर्मन ॲक्टर असेल तर हे आणखी अवघड जातं कारण मधे १९३३ येतं, नाझी सत्तेवर येतात आणि माणूस देश, भाषा, सगळंच बदलतो. म्हणून माझी पद्धत सांगतो, उदाहरणाला कुर्ट बोइस घेऊ.

सुरुवात म्हातारपणापासून करा. १९८७ ची विम वेंडर्सची 'डेर हिमेल युबर बर्लिन' लावा, इंग्रजीत 'विंग्ज ऑफ डिझायर' म्हणून मिळते. त्यात बोइस होमर नावाचा एक म्हातारा झालाय, बर्लिनच्या भिंतीशेजारच्या उजाड माळावर पोट्सडामर प्लाट्झ हा जुना चौक शोधत फिरतो, शेजारून एक देवदूत चालत असतो, सापडत नाही, पूर्वी इथे कॅफे होता वगैरे स्वतःशीच पुटपुटतो आणि शेवटी कुणीतरी टाकून दिलेल्या जुन्या आरामखुर्चीत जाऊन बसतो. बस एवढंच. पण हा माणूस १९०१ साली बर्लिनमध्येच जन्मलेला, लहानपणीच स्टेजवर आणि मूकपटात आलेला, तो चौक गजबजलेला असताना त्याने स्वतः पाहिलाय हे माहीत झाल्यावर तो सीन वेगळाच लागतो. या रोलसाठी १९८८ च्या पहिल्याच युरोपियन फिल्म अवॉर्ड्समध्ये त्याला बेस्ट सपोर्टिंग ॲक्टर मिळालं.

आता एकदम मागे, १९४२, 'कॅसाब्लांका'. इथे एक काळजी घ्या, ओरिजिनल इंग्रजीच बघा. जर्मनीत १९५२ ला जी डब केलेली आली त्यातून नाझींचे सीन काढून टाकले होते, म्हणजे मेजर स्ट्रासर झालेला कॉनराड फाइट, तोही जर्मनच, तो अख्खा गायब, आणि नाझींविरुद्ध लढणाऱ्या लास्लोचा चक्क नॉर्वेजियन शास्त्रज्ञ करून टाकला होता!! नीट डबिंग १९७५ ला झालं.

तर बोइस सुरुवातीलाच येतो, पाकीटमार म्हणून. कॅफेबाहेर एक इंग्रज जोडपं बसलंय, हा गोड बोलत जवळ येतो, सावध राहा हो, इथे जिकडेतिकडे गिधाडं आहेत असं सांगतो आणि जातो, मग इंग्रज खिसे चाचपतो आणि म्हणतो पाकीट हॉटेलवर राहिलं वाटतं. हा तुकडा तीनदा बघा. पहिल्यांदा नुसता, दुसऱ्यांदा आवाज बंद करून फक्त त्याचे हात, तिसऱ्यांदा फक्त समोरच्याचा चेहरा, कारण सपोर्टिंग ॲक्टरचं अर्धं काम समोरच्याच्या चेहऱ्यावर दिसतं. नंतर हिरो रिकच्या कॅफेत तो वेटर कार्लला धडकतो तेव्हा कार्ल लगेच स्वतःचे खिसे तपासतो, तेही सोडू नका. दोन्ही मिळून मिनिटभर असेल नसेल, पण लक्षात राहतो.

आणि आता त्याच्याही मागे जा, १९२७, 'डेर फ्युर्स्ट फॉन पापेनहाइम', मूकपट. इथे खरा धक्का बसतो, कारण इथे तो लीड आहे! बाईचे कपडे घालून धमाल करणारा बर्लिनचा स्टार. ज्यू होता, नाझी आल्यावर देश सोडून अमेरिकेला गेला, आणि त्याचे ते बायकी वेषातले तुकडे नाझींनी १९४० च्या प्रचारपटात ज्यूंविरुद्ध वापरले. म्हणजे 'पाकीटमार' हा त्याच्या करियरचा पहिला टप्पा नाहीये, स्टार असलेल्या माणसाला परक्या भाषेत मिळालेलं ते काम आहे. उलटं बघायला सांगतो ते याचसाठी, सरळ बघितलं तर वाटतं बिचारा घसरत गेला.

यादी करायची असेल तर वहीत तीनच रकाने करा, साल, देश, भाषा. रोल किती मोठा ते नंतर. माहितीसाठी फिल्मपोर्टल ही जर्मन साइट चांगली आहे, तिथे 'डारश्टेलर' म्हणजे कलाकार आणि जर्मनमध्ये 'नेबेनरोले' म्हणजे दुय्यम भूमिका, एवढे दोन शब्द आले तरी भागतं. बोइसच्या रकान्यात १९५० ला परत जर्मनी येईल, मग पूर्व बर्लिनमध्ये नाटककार ब्रेख्तकडे 'पुंटिला' नाटकामध्ये थेट पुंटिलाचाच रोल, म्हणजे घरी आल्यावर परत लीड. स्टेजवरचं काम फिल्मच्या यादीत दिसत नाही, ते वेगळं शोधा नाहीतर पन्नासचं दशक रिकामंच वाटेल.

सगळं झालं की १९८२ ची 'गेडेख्टनिस' मिळते का बघा. ब्रुनो गान्झ आणि ओटो झांडर या दोन ॲक्टरनी बोइस आणि बर्नहार्ट मिनेटी या दोन म्हाताऱ्यांवर केलेली डॉक्युमेंटरी आहे. आणि मग परत तो माळावरचा सीन लावा, कारण होमरच्या शेजारून चालणारा तो देवदूत ओटो झांडरच आहे.