परदेशातली मर्डर केस, आरोपी नवरा: बातम्या वाचायच्या कशा

अशी केस आली की आपला निकाल पहिल्याच दिवशी लागलेला असतो, नवऱ्यानेच केलं असणार! मीपण 2010 मध्ये घरात हेच सांगत सुटलो होतो. ॲनी देवानी हनिमूनला केपटाऊनला गेलेली, 13 नोव्हेंबरच्या रात्री तिथल्याच गुगुलेथू वस्तीत टॅक्सी अडवली, ड्रायव्हरला सोडलं, ब्रिटिश नवरा श्रिएनलाही सोडलं आणि हिला मात्र गोळी घातली, वर ड्रायव्हर सांगतो की नवऱ्यानेच 15,000 रँडची सुपारी दिली. झालं की, अजून काय पाहिजे?

तर आधी बघा सांगणारा कोण आहे आणि सांगून त्याला काय मिळालं. या ड्रायव्हरने सरकारी वकिलांशी करार केला, गुन्हा कबूल केला, साक्ष द्यायचं मान्य केलं आणि 18 वर्षांच्या शिक्षेवर भागवून घेतलं. मारेकरी जुळवून देणारा हॉटेलचा रिसेप्शनिस्ट, त्याला तर नीट साक्ष दिलीस तर तुझ्यावर खटलाच नाही असं होतं. असे साक्षीदार खोटंच बोलतात असं नाही, पण यांचं एकमेकांशी जुळतंय का ते बघायचं, हेडलाइन बाजूला ठेवून.

फोटो आला की कॅप्शन अंगठ्याने झाका, मी अजूनही करतो. सीसीटीव्हीत श्रिएन हॉटेलमध्ये ड्रायव्हरला पैशांची पिशवी देतो. पोलीस म्हणणार सुपारीचे, तो म्हणणार टूरचे. फुटेजमध्ये पिशवी दिसते, पैसे कशाचे ते कुठे दिसतंय?

प्रत्यार्पण म्हणजे दोष सिद्ध नाही, ते फक्त खटला कुठे चालणार एवढंच. डिप्रेशन आणि पीटीएसडी (मोठ्या धक्क्यानंतर जडणारा मानसिक आजार) यामुळे श्रिएनला ब्रिटनमधून पाठवायला एप्रिल 2014 उजाडला, तोवर लोक म्हणत होते नाटक करतोय.

आणि त्या देशाचं कोर्ट कसं चालतं हे जरा वाचून घ्या, नाहीतर शेवटी डोकं फिरतं. दक्षिण आफ्रिकेत ज्युरी 1969 लाच बंद झाली, जजच ठरवतात, आणि तिथल्या फौजदारी प्रक्रिया कायद्याचं कलम 174 असं की सरकारी पक्षाचे साक्षीदार संपल्यावर दोषी ठरवता येईल असा पुरावाच नसेल तर आरोपीला तिथेच सोडता येतं, त्याने तोंड उघडायचीही गरज नाही. पेपरवाल्यांनी चघळलेल्या श्रिएनच्या खासगी आयुष्यावरची साक्ष तर जजनी गैरलागू म्हणून बाजूलाच ठेवली. 6 ऑक्टोबरला सुरू झालेला खटला 8 डिसेंबर 2014 ला संपला, साथीदारांच्या साक्षी विसंगतींनी भरलेल्या म्हणून श्रिएन याच कलमाखाली निर्दोष सुटला.

त्याचं लेखी निवेदन वकिलाने वाचलं होतं, पण उलटतपासणी झालीच नाही. ॲनीच्या घरच्यांना त्या रात्रीचं त्याच्या तोंडून ऐकायचं होतं, ते राहूनच गेलं.