हर्ब ब्रेड खचतो, आतून चिकट राहतो? ब्रेड मशीन वापरताना या चुका टाळा

साधा पांढरा ब्रेड मशीनमध्ये व्यवस्थित होतो. त्याच कृतीत मूठभर हर्ब्ज घातले की तो वरून खचतो, आतून ओलसर राहतो किंवा हिरवट-करडा दिसतो, आणि दोष मशीनच्या माथी मारला जातो. मशीन बिचारं घड्याळावर चालतं. इतकी मिनिटं मळायचं, इतका वेळ फुगू द्यायचं, मग भाजायचं. भांड्यातली कणीक सैल आहे की घट्ट, हे त्याला कळत नाही. हाताने मळणारा माणूस गरजेप्रमाणे चिमूटभर पीठ किंवा शिपकाभर पाणी वाढवतो. मशीन वापरतानाही ते बघायचं काम आपल्यालाच करावं लागतं. हर्ब्ज, लसूण, चीज घालायचं असेल तर जास्तच, कारण ही मंडळी फक्त चव देऊन गप्प बसत नाहीत. पाणी, मीठ आणि यीस्ट या तिन्हींच्या प्रमाणात लुडबुड करतात.

पुढच्या हिशेबासाठी हे प्रमाण धरू: ब्रेडसाठीचा मैदा 400 ग्रॅम, पाणी 250 मिली, मीठ 7 ग्रॅम, साखर 10 ग्रॅम, तेल 20 ग्रॅम, इन्स्टंट यीस्ट 4 ग्रॅम. साधारण 650 ग्रॅमचा ब्रेड होतो.

ताज्या पानांतलं पाणी विसरणं

हर्ब ब्रेड बिघडण्याचं सगळ्यात मोठं कारण हेच. वरच्या प्रमाणात पाणी पिठाच्या 62 ते 63 टक्के आहे, म्हणजे मशीनला सोयीचं. ताज्या पार्सलीत किंवा कोथिंबिरीत 80 ते 90 टक्के पाणी असतं. 30 ग्रॅम पानं चिरून घातली तर सुमारे 25 ग्रॅम पाणी कणकेत शिरायला तयार असतं. त्यातलं सगळंच सुटत नाही, पण मशीनचं पातं पानं चेचत राहतं, त्यामुळे बरंचसं सुटतं. ते सगळं सुटलं असं धरलं तर पाण्याचं प्रमाण 69 टक्क्यांजवळ जातं. वर पानं धुऊन नीट निथळली नसतील तर त्यांच्या अंगावरचं पाणी वेगळंच. एवढी सैल कणीक मशीनमध्ये भराभर फुगते आणि भाजायला लागताच बसते.

यावर उपाय दोन. पानं धुऊन कापडावर पसरून पूर्ण कोरडी करा आणि मगच चिरा. आणि कृतीतलं पाणी सुरुवातीला 15 ते 20 मिली कमी घ्या. लागलं तर मळताना घालता येतं, पडलेलं काढता येत नाही.

वाळलेल्या हर्ब्जचं उलट असतं. ते पाणी शोषतात, पण दोन-तीन छोट्या चमच्यांनी फारसा फरक पडत नाही. खरी चूक होते ती ताज्याच्या जागी वाळलेले तितकेच घालण्याची. ताजे तीन चमचे लागत असतील तिथे वाळलेला एक पुरतो. जास्त घातले की ब्रेडला औषधासारखा कडवटपणा येतो, आणि तो लोण्यानेही झाकला जात नाही.

कोणता हर्ब कधी, हे न बघणं

सगळेच हर्ब्ज सुरुवातीला पिठाबरोबर टाकले तर नाजूक पानांचा लगदा होतो आणि अख्ख्या ब्रेडवर मळकट हिरवी छटा येते. बेसिल तर कापल्यावर काळंच पडतं. पार्सली, बेसिल, शेपू अशी ताजी पानं मशीनने ‘घटक घाला’ असा बीप दिल्यावर घालावीत. बीपची सोय नसेल तर मळणं संपायला चार-पाच मिनिटं असताना घाला. कोणत्या प्रोग्रॅममध्ये किती वेळ मळलं जातं, हे माहितीपुस्तिकेत दिलेलं असतं.

वाळलेला ओरेगॅनो, थाइम किंवा रोझमेरी मात्र सुरुवातीलाच चालते. रोझमेरीची पानं सुईसारखी टणक असतात, म्हणून ती बारीक चिरा किंवा कुटून घ्या, नाहीतर घास घेताना टोचतात. वाळलेल्या हर्ब्जचा वास तेलात चांगला उतरतो. कृतीतलं 20 ग्रॅम तेल कोमट करून त्यात ते दहा मिनिटं ठेवा आणि थंड झालेलं तेल हर्ब्जसकट भांड्यात घाला. प्रमाण न वाढवता वास वाढतो. बेसिलबद्दल माझं मत स्पष्ट आहे: भाजताना त्याचा बहुतेक सुगंध उडून जातो. तो कणकेत घालण्यापेक्षा लोण्यात कालवून तयार ब्रेडला लावलेला बरा.

बरणीतल्या हर्ब्जना तळहातावर चोळूनही वास येत नसेल तर ते दुप्पट घालून उपयोग नाही. नवे आणा.

कच्चा लसूण ठेचून घालणं

हर्ब ब्रेडमध्ये लसूण हवाच असं अनेकांना वाटतं, आणि हवाही. पण कच्च्या लसणातली गंधकयुक्त संयुगं ग्लुटेनची, म्हणजे कणकेला ताण देणाऱ्या पिठातल्या प्रथिनांची, जाळी सैल करतात आणि यीस्टचीही गती कमी करतात. दोन-तीन पाकळ्या ठेचून घातल्या की मळताना कणीक ढिली पडते, गोळा धरत नाही, आणि ब्रेड बुटका होतो. लसूण मंद आचेवर तेलात परतून किंवा अख्खा गड्डा भाजून, गार करून घातला तर हा त्रास खूपच कमी होतो आणि चवही गोडसर, गोलाईची येते. लसूण पावडर चालते, पण अर्ध्या छोट्या चमच्याच्या आसपास थांबा. थाइम आणि ओरेगॅनोही भरमसाट घातले तर यीस्टला जड जातात.

जाता जाता एक गंभीर सूचना. लसूण घातलेलं घरगुती तेल उरलं तर ते ओट्यावर ठेवू नका. तेलाखाली हवा पोहोचत नाही आणि अशा जागी बोट्युलिझमचे (जिवावर बेतू शकणाऱ्या अन्नविषबाधेचे) जिवाणू वाढू शकतात. लागेल तेवढंच करा. उरलंच तर फ्रीजमध्ये ठेवून दोन-तीन दिवसांत संपवा.

मीठ दोनदा पडणं

तयार हर्ब मिश्रणांत, गार्लिक सॉल्टमध्ये आणि चीजमध्ये मीठ असतं. पाकिटावरची यादी वाचा. मीठ साधारण पिठाच्या 1.8 ते 2 टक्के असावं. त्याहून बरंच जास्त झालं की यीस्ट मंदावतं. उलट, ‘मिश्रणात आहेच’ म्हणून मीठ पूर्ण गाळलं आणि मिश्रण बिनमिठाचं निघालं तर यीस्टला लगाम राहत नाही. ब्रेड वेगाने फुगतो आणि खचतो. म्हणून बिनमिठाचे हर्ब्ज घेऊन मीठ स्वतः मोजणं सोपं. ऑलिव्ह किंवा तेलात मुरवलेले टोमॅटो घालायचे असतील तर निथळून, पुसून घ्या आणि मीठ एखादा ग्रॅम कमी करा.

झाकण न उघडणं

भाजताना झाकण उघडू नये, हे खरं. पण मळताना जरूर उघडावं. मळायला सुरुवात होऊन पाच ते सात मिनिटं झाली की डोकवा. गुळगुळीत गोळा पात्याबरोबर फिरत असेल, भांड्याच्या कडा जवळपास स्वच्छ असतील आणि बोट लावल्यावर कणीक किंचित चिकटून सुटत असेल तर ठीक. कडेला कोरडं पीठ साचलं असेल, गोळ्याचे तुकडे पडत असतील किंवा मशीन धडधडत असेल तर एक छोटा चमचा पाणी घाला आणि मिनिटभर थांबून पुन्हा बघा. तळाशी चिखल फिरत असेल तर एक मोठा चमचा पीठ. ताजी पानं घातल्यावर पुन्हा एकदा बघायचं, कारण पाणी तेव्हा सुटतं. गव्हाचं पीठ वापरत असाल तर घाई करू नका; त्यातला कोंडा पाणी सावकाश पितो, सुरुवातीला चिकट वाटणारी कणीक नंतर घट्ट होते.

कपाने मोजणाऱ्यांसाठी एवढंच: एका कपात मैदा हलक्या हाताने भरला तर 120 ग्रॅम बसतो, दाबून भरला तर 150 च्या वर. स्वयंपाकाचा वजनकाटा घ्या.

यीस्ट आणि टायमर

यीस्टची शंका असेल तर 100 मिली कोमट पाण्यात छोटा चमचाभर साखर आणि तितकंच यीस्ट घाला. दहा-पंधरा मिनिटांत फेस आला नाही तर ते टाकून द्या. पाणी बोटाला जेमतेम कोमट लागावं. 60 अंश सेल्सिअसला यीस्ट मरतं. मशीनमध्ये एरवी खोलीच्या तापमानाचं पाणी पुरतं आणि कडक उन्हाळ्यात गारच वापरावं, कारण मळताना कणीक आपोआप तापते.

रात्री टायमर लावून सकाळी ताजा ब्रेड, ही सोय हर्ब ब्रेडला अर्धीच लागू पडते. वाळलेले हर्ब्ज, पाणी, तेल असेल तर खुशाल लावा. फक्त यीस्ट पिठाच्या ढिगावर कोरडं राहील आणि मीठ त्यापासून लांब असेल असं बघा. ताजी पानं, दूध, अंडी किंवा चीज असेल तर नको. हे पदार्थ तासन् तास खोलीच्या तापमानात ठेवण्यासारखे नाहीत.

बिघडलाच तर कापून बघा

वरचा भाग खचला असेल तर मधून काप काढा. आत ओलसर, जड आणि चिकट असेल तर पाणी जास्त झालं. पुढच्या वेळी 15 मिली कमी. जाळी मोठी, विस्कटलेली आणि वास आंबूस असेल तर कणीक गरजेपेक्षा जास्त फुगली; यीस्ट पाव भागाने कमी करा आणि मीठ घातलं होतं ना, ते आठवा. बुटका आणि घट्ट ब्रेड म्हणजे पाणी कमी, यीस्ट जुनं किंवा लसूण जास्त. छत्रीसारखा भांड्याबाहेर आला असेल तर भांड्याच्या मानाने प्रमाणच मोठं आहे. एका वेळी एकच गोष्ट बदला, नाहीतर फरक कशाने पडला ते कळणार नाही.

वरून हर्ब्ज पेरायचे असतील तर भाजणं सुरू होण्याआधी पृष्ठभागावर पाण्याचा हलका हात फिरवून थोडेसेच पेरा. खाली पडलेले तापक नळीवर जळतात आणि धूर घरभर होतो.

भाजून झाल्यावर

ब्रेड भांड्यातच राहिला की वाफ कोंडून बाजू ओल्या होतात आणि आत दबतात. ‘गरम ठेवा’ या सोयीवर विसंबू नका. पाच-दहा मिनिटांत काढून जाळीवर ठेवा. पातं ब्रेडमध्ये अडकतं, त्याला सोपा मार्ग आहे: शेवटचं मळणं संपलं की ओल्या हाताने कणीक उचलून पातं काढून घ्या. धातूची सुरी भांड्यात घालू नका, आतला लेप खरवडला जातो.

किमान तासभर थांबून कापा. गरम कापला तर चांगला भाजलेला ब्रेडही आतून कच्चा वाटतो. खरंच कच्चा आहे का, हे टोचायच्या थर्मामीटरवर कळतं. मध्यभागी 94 अंशांच्या आसपास हवं. कमी असेल आणि मशीनला फक्त भाजण्याचा प्रोग्रॅम असेल तर आणखी दहा मिनिटं द्या.

फ्रीजमध्ये ब्रेड बाहेरच्यापेक्षा लवकर शिळा आणि कडक होतो, कारण त्या गारव्यात पिष्टमय पदार्थ झपाट्याने घट्ट होतो. दोन दिवसांत संपणार नसेल तर काप करून फ्रीजरमध्ये ठेवा आणि लागतील तसे, गोठलेलेच टोस्टरमध्ये टाका.