इपॅनेटमधला ५.२० दाब: माझा अनुभव

इपॅनेट, म्हणजे पाइपच्या जाळ्यातला पाण्याचा प्रवाह आणि दाब काढणारं सॉफ्टवेअर, शिकताना मुद्दाम सगळ्यात साधं मॉडेल घेतलं होतं. एक रिझर्व्हायर, पाण्याची पातळी ११२ मीटर. १०० मिमी व्यासाची, १००० मीटर लांबीची पाइपलाइन. शेवटी १०० मीटर उंचीवर एक नोड (पाणी काढायचं ठिकाण), मागणी सेकंदाला ५ लिटर. घर्षणहानीच्या हेझन-विल्यम्स सूत्रातला सी (पाइपच्या गुळगुळीतपणाचा आकडा) १४०.

रन झालं, एकही चूक दाखवली नाही. नोडवर दाब ५.२०. पण हाताने केलेल्या गणितात घर्षणहानी ४.६ मीटर येत होती, म्हणजे दाब ७.४ मीटर हवा. दोन संध्याकाळी मी सी बदलत बसलो. दाब तसूभरही हलेना! तिथेच शंका यायला हवी होती.

मग पाइपचा वेग पाहिला: ०.००. आणि ११२ वजा १०० म्हणजे १२, त्याला ०.४३३ ने गुणलं तर नेमके ५.२०. माझे मीटर फूट धरले होते आणि फुटांचं पीएसआय (चौरस इंचाला पौंड, दाबाचं अमेरिकी एकक) झालं होतं!

इपॅनेट अमेरिकेच्या पर्यावरण संस्थेचं; नव्या प्रोजेक्टचं मूळ एकक जीपीएम (मिनिटाला गॅलन), म्हणजे बाकीची मापंही फूट-इंचांत. त्यामुळे माझा १०० मिमीचा पाइप त्याने १०० इंची धरला. एवढ्या नळात हानी होणार कुठून?

प्रोजेक्ट, डिफॉल्ट्स, हायड्रॉलिक्स इथे जाऊन फ्लो युनिट्स एलपीएस (सेकंदाला लिटर) केलं. भरलेले आकडे आपोआप रूपांतरित होत नाहीत. माझे आधीच मेट्रिक होते, म्हणून तसेच चालले. तिथेच नव्या प्रोजेक्टसाठी जतन करायची खूणही करून टाका. वेग ०.६४ आला, दाब ७.४.

आता कुठलंही मॉडेल उघडलं की आधी खालच्या पट्टीत एलपीएस आहे का ते बघतो.