एसडीआर डोंगल घेतलाय, आता पुढे काय? (गोव्यातल्या फोंड्याहून)

मागच्या दोन-तीन महिन्यात चार जणांनी तरी हेच विचारलं, म्हणून म्हटलं एकदाच सगळं लिहून टाकू आणि नंतर लिंक फेकत बसू. मी काही इंजिनीअर नाही, दोन वर्षं हा खेळ खेळतोय, त्यात ज्या चुका केल्या त्या तुम्ही करू नका एवढंच.

आधी हे आहे काय. जुन्या रेडिओत स्टेशन निवडणं, त्यातून आवाज वेगळा काढणं ही सगळी कामं आत सोल्डर केलेले पार्ट करायचे. एसडीआर म्हणजे सॉफ्टवेअर-डिफाइन्ड रेडिओ, त्यात डोंगल (यूएसबीत खोचायची छोटी डबी) फक्त अँटेनाकडून येणाऱ्या लहरींचा एक पट्टा उचलतो, त्याचे आकडे करतो आणि यूएसबीतून लॅपटॉपमध्ये ओततो, बाकी सगळं सॉफ्टवेअर करतं. म्हणून त्याच डोंगलवर सकाळी एफएम ऐकायचं, दुपारी विमानं बघायची आणि रात्री उपग्रहाचा फोटो उतरवायचा असं चालतं. गंमत म्हणजे हे डोंगल बनले होते लॅपटॉपवर टीव्ही बघायला. आतली रियलटेकची आरटीएल२८३२यू चिप एफएम वाजवताना कच्चे आकडे तसेच बाहेर सोडते हे २०१२ मध्ये अँटी पालोसारी नावाच्या लिनक्सवाल्याच्या लक्षात आलं, मग ऑस्मोकॉम या मुक्त सॉफ्टवेअर प्रकल्पाच्या मंडळींनी ड्रायव्हर लिहिला आणि टीव्हीचा स्वस्त डोंगल रातोरात रेडिओ झाला.

कुठला घ्यायचा? दोन प्रकार दिसतील. एक निळा प्लॅस्टिकचा, वर डीव्हीबी-टी वगैरे छापलेलं, सगळ्यात स्वस्त. दुसरा मेटलच्या डबीतला, आरटीएल-एसडीआर ब्लॉगवाल्यांचा व्ही३ किंवा व्ही४, दुप्पट-तिप्पट महाग. मी आधी निळा घेतला आणि सहा महिन्यांनी दुसरा घेतलाच, म्हणजे पैसे दोनदा गेले. मेटलवाल्यात टीसीएक्सओ (तापमान सांभाळून घेणारा स्फटिक) असतो म्हणजे डोंगल गरम झाला तरी फ्रिक्वेन्सी सरकत नाही. निळ्यात ५० पीपीएमची (दहा लाखांत ५०) चूक सहज असू शकते, ती १०० मेगाहर्ट्झला ५ किलोहर्ट्झ होते, एफएमला कळतही नाही पण बारीक सिग्नल शोधताना डोकं फिरतं. तरी फक्त चव घ्यायची असेल तर निळा पुरे, उगाच कर्ज काढू नका. व्ही३ची नक्कल खूप फिरते, दोनशे रुपये कमी दिसले म्हणून अनोळखी विक्रेत्याकडून घेऊ नका.

रेंज साधारण २४ ते १७६६ मेगाहर्ट्झ. त्याच्या खालचं म्हणजे मीडियम वेव्ह, शॉर्ट वेव्ह निळ्यावर सरळ येत नाही, व्ही३ला त्यासाठी डायरेक्ट सॅम्पलिंग (ट्यूनर वगळून सिग्नल थेट चिपला देणं) आहे आणि व्ही४मध्ये वेगळी सोय केलीय. ज्यांना लहानपणी घरात १२८७ किलोहर्ट्झला आकाशवाणी पणजी लावायची सवय होती त्यांना हा मोह होणारच, पण ते नंतर.

आता इन्स्टॉल. विंडोज धरून सांगतो. डब्यात सीडी आली असेल तर ती लावूच नका, त्यात टीव्हीचा ड्रायव्हर असतो आणि तो नेमका नकोय. एअरस्पायच्या साइटवरून एसडीआर शार्प या ऐकायच्या सॉफ्टवेअरची झिप उतरवा, एका फोल्डरमध्ये सोडवा, त्यात आरटीएल-एसडीआर इन्स्टॉल करणारी एक बॅच फाइल असते ती चालवा, ती झॅडिग नावाचा, ड्रायव्हर बदलणारा छोटा प्रोग्राम आणून ठेवते. डोंगल लावा, झॅडिग अ‍ॅडमिनिस्ट्रेटर म्हणून उघडा, ऑप्शन्समध्ये लिस्ट ऑल डिव्हायसेसवर टिक करा आणि यादीतून "बल्क-इन, इंटरफेस (इंटरफेस ०)" निवडा. इथे थांबा. यूएसबी आयडी ०बीडीए २८३८ दिसतोय का ते बघा, मगच विनयूएसबी निवडून ड्रायव्हर बदला. मी घाईत यादीतलं भलतंच निवडलं आणि माझा माऊस गेला, रात्री साडेअकराला नुसत्या कीबोर्डवर डिव्हाइस मॅनेजर उघडून तो परत आणायला तास गेला, तेव्हा नाव वाचल्याशिवाय बटण दाबू नका. नंतर डोंगल दुसऱ्या यूएसबी पोर्टला लावला तर हे परत करावं लागू शकतं, म्हणून एक पोर्ट ठरवून टाका. व्ही४ असेल तर त्यांचा स्वतःचा नवा ड्रायव्हर लागतो, नाहीतर डोंगल दिसतो पण काही ऐकू येत नाही आणि माणूस अँटेनाला शिव्या देत बसतो.

लिनक्सवाल्यांनी कर्नलचा टीव्ही ड्रायव्हर ब्लॅकलिस्ट करायचा, तो आपणहून डोंगल बळकावतो. मग ऐकायला जीक्यूआरएक्स किंवा एसडीआर प्लस प्लस हे सॉफ्टवेअर. फोनवर ओटीजी केबल लावूनही चालतं पण बॅटरी बघता बघता संपते.

पहिलं काम एफएम. हसू नका. जिथे उत्तर आधीच माहीत आहे तिथूनच सुरू करायचं, म्हणजे काही चुकलं तर मशीन चुकतंय की आपण ते कळतं. मोड डब्ल्यूएफएम (नेहमीच्या एफएम स्टेशनांचा), फ्रिक्वेन्सी १०५.४, सॅम्पल रेट म्हणजे सेकंदाला किती दशलक्ष आकडे ते २.४ (३.२ दिसेल, पण तिथे आकडे गळतात), स्टार्ट. आकाशवाणी पणजीचं रेनबो लागलं पाहिजे. खालच्या रंगीत धबधब्यात (वॉटरफॉल, म्हणजे फ्रिक्वेन्सींचं सरकतं चित्र) जाड पट्टा दिसेल तेच स्टेशन. आवाज येवो न येवो, सेटिंगमध्ये जाऊन गेन (सिग्नल किती वाढवायचा ते) बघा, कारण सुरुवातीला गेन शून्यावर असतो आणि निम्म्या लोकांना वाटतं डोंगल बाद आहे. ऑटो नको, हाताने वाढवा. हळूहळू सरकवत न्या, सिग्नल वर येतो तोपर्यंत चालू द्या, सिग्नल तिथेच राहून खालची नॉइजची जमीनच वर यायला लागली की एक पायरी मागे. जास्त गेन दिला तर एकच स्टेशन चार ठिकाणी दिसायला लागतं, ती भुतं आहेत, नवीन स्टेशनं नाहीत. मी पहिल्या आठवड्यात अशी दोन भुतं "शोधली" होती आणि मित्रांना सांगितलंही होतं.

आता मुद्द्याची गोष्ट, अँटेना. डोंगलवर जेवढा खर्च कराल त्याच्या निम्माही इथे लागत नाही पण फरक दहापट पडतो. सोबत येणारी लोहचुंबकाची छोटी काडी टेबलावर लॅपटॉपशेजारी ठेवली तर ती मुख्यतः लॅपटॉपचाच कचरा ऐकते. काडीची लांबी जे ऐकायचंय त्याच्या तरंगलांबीच्या चौथा हिस्सा पाहिजे, हिशोब सोपा, ७५०० ला मेगाहर्ट्झने भागा, उत्तर सेंटिमीटरमध्ये. एफएमच्या १०५.४ ला ७१ सेंटिमीटर, जहाजांच्या १६२ ला ४६, विमानांच्या १०९० ला जेमतेम ७. ओढून लहानमोठा करता येणारा डायपोल (दोन काड्यांची अँटेना) मिळतो तो घ्या. काडीच ठेवायची असेल तर खाली पत्रा पाहिजे, बिस्किटाचा डबा उलटा घातला तरी चालतो.

आणि उंची. फोंडा म्हणजे डोंगरांची वाटी. माझ्या घरातून मला पहिले दोन महिने एफएमशिवाय फारसं काही मिळालं नाही, वाटलं पैसे पाण्यात. एका रविवारी सहज लॅपटॉप घेऊन पणजीजवळ समुद्रकाठी दोना पावलाला गेलो आणि तीच काडी, तोच डोंगल, पण अर्ध्या तासात मुरगाव बंदराबाहेर नांगर टाकून उभ्या असलेल्या जहाजांची अख्खी रांग स्क्रीनवर. या फ्रिक्वेन्सी जवळपास सरळ रेषेत जातात, मध्ये डोंगर आला की संपलं. अंदाजाला सूत्र आहे, दोन्ही अँटेनांच्या उंचीची मीटरमधली वर्गमुळं काढून बेरीज करा आणि ४.१ ने गुणा, किलोमीटर मिळतात. तुम्ही १० मीटरवर, जहाजाची अँटेना २० मीटरवर, तर तीसेक किलोमीटर. १० किलोमीटर उंचीवरचं विमान मात्र चारशे किलोमीटरवरूनही येऊ शकतं, म्हणून आमच्यासारख्या वाटीतल्या लोकांनी आधी विमानांकडे वळावं.

विमानांसाठी डम्प१०९० म्हणून प्रोग्राम आहे. विमान १०९० मेगाहर्ट्झवर स्वतःचा नंबर, उंची, जागा पाठवत राहतं, हा प्रोग्राम ते वाचून ब्राउझरमध्ये नकाशावर मांडतो. ७ सेंटिमीटरची काडी खिडकीबाहेर किंवा कौलांवर, बस. मोपा आणि दाबोळी विमानतळांवर उतरणारी तर दिसतातच पण मजा येते ती न थांबता डोक्यावरून जाणाऱ्यांची, किनारा धरून खाली कोचीकडे जाणारी, अरबी समुद्रावरून आखाताकडे वळणारी. माझ्या बाबांना रेडिओचं काडीचं वेड नाही पण हे मात्र ते सोप्यावर बसून तासभर बघतात, वर आवाज आला की "हे खंयचें?" (हे कुठलं?) म्हणून विचारतात.

जहाजं आपलं नाव आणि जागा रेडिओवर सांगत राहतात त्याला एआयएस म्हणतात, ते वाचायला एआयएस-कॅचर हा प्रोग्राम, तो १६१.९७५ आणि १६२.०२५ ही दोन्ही चॅनेल एकदम वाचतो. चालतं मोठं जहाज दर काही सेकंदांनी बोलतं, नांगरलेलं तीन मिनिटांनी एकदा, तेव्हा लगेच काही दिसलं नाही म्हणून बंद करू नका. छोट्या होड्यांत बहुतेक हे यंत्र नसतं, त्या दिसणार नाहीत.

नॉइजबद्दल एक किस्सा. गेल्या चवथीच्या दिवसांत अचानक सगळा धबधबा पिवळा झाला, काही म्हणजे काही येईना. डोंगल बदलला, केबल बदलली. शेवटी मेन स्विच पाडला आणि लॅपटॉप बॅटरीवर ठेवला तर स्क्रीन आरशासारखी स्वच्छ. मग एकेक स्विच चालू करत गेलो आणि चोर सापडला मखराच्या एलईडी माळेत. आता गणपतीसमोरची माळ बंद करा असं आईला सांगणार कोण, पाच दिवस मीच गप्प बसलो. पण पद्धत हीच, मेन पाडून बघायचं. बहुतेक वेळा स्वस्त एलईडी बल्ब, मोबाइलचा चार्जर नाहीतर इन्व्हर्टर निघतो. डोंगल लॅपटॉपला थेट न खोचता मीटर-दोन मीटरची यूएसबी एक्स्टेन्शन लावली तरी बरंच कमी होतं.

उपग्रहाच्या फोटोंबद्दल सगळे विचारतात. जुन्या व्हिडिओत नोआ-१५, १८, १९ हे अमेरिकेचे हवामान उपग्रह पकडायला सांगतात, ते विसरा, तिन्ही २०२५ मध्ये बंद झाले, काही जण अजून रिकाम्या फ्रिक्वेन्सीवर वाट बघत बसलेत. आता रशियाचे मीटिअर एम एन२-३ आणि एन२-४ बघा, १३७.९ किंवा १३७.१ मेगाहर्ट्झ, सॅटडम्प नावाचं सॉफ्टवेअर सिग्नलवरून थेट चित्र करतं. डायपोलच्या दोन्ही काड्या ५३-५३ सेंटिमीटर, मध्ये १२० अंशांचा कोन करून आडवा ठेवायचा, व्हीचा रोख उत्तर-दक्षिण. कधी जाणार ते जीप्रेडिक्टमध्ये बघा, तिथे आपली जागा साधारण १५.४ उत्तर, ७४ पूर्व भरा. दहा-बारा मिनिटांचा खेळ, चुकला की पुढच्या फेरीची वाट. गच्ची नसेल तर मळ्यात जा, आकाश जितकं उघडं तितकं चित्र लांब. आणि नशीब असेल तर १४५.८०० वर अंतराळ स्थानकातून हॅम लोकांशी (लायसन्सवाले हौशी रेडिओवाले) चाललेलं बोलणंही कानावर पडतं.

कायद्याचं थोडक्यात पण गंभीरपणे. हा डोंगल फक्त ऐकतो, पाठवत नाही. पण पोलीस, नौदल, विमानतळाचा टॉवर यांच्या बोलण्यामागे लागू नका, आणि चुकून काही कानावर आलंच तर रेकॉर्ड करून व्हॉट्सअ‍ॅपवर फिरवू नका. दाबोळी हा नौदलाचा तळ आहे, त्याच्या कुंपणापाशी अँटेना घेऊन उभं राहण्याची हौस नको, सोबत सॅटेलाइट फोन सापडला म्हणून इथे पर्यटक अडकल्याच्या बातम्या आपण वाचतोच. स्वतः बोलायची इच्छा झाली तर हॅमची परीक्षा देऊन लायसन्स घ्या, रेस्ट्रिक्टेड ग्रेडचा अभ्यास तितका कठीण नाही.

पावसाळ्याचं राहिलंच. बाहेरची केबल खिडकीतून आत घेताना आधी खाली झोळ द्या, नाहीतर पाणी केबलवरून सरळ डोंगलमध्ये. जोडावर सेल्फ-फ्यूजिंग टेप गुंडाळा, साधी इन्सुलेशन टेप आपल्या पावसात पंधरा दिवस टिकत नाही. मे अखेरीला संध्याकाळी घाटाकडे वीज दिसायला लागली की अँटेनाची पिन काढून खिडकीबाहेर सोडायची, लॅपटॉप बंद करून नव्हे, पिन काढून.