गावाकडच्या माणसावर बातमी कशी लिहायची: अर्नी पाइलची पद्धत, आपल्या कोकणासाठी

कोकणातली बातमी म्हटली की ठरलेलं असतं, वादळ आलं, आंब्याचा दर पडला, नाहीतर गणपतीला मुंबई-गोवा हायवे तुंबला. आणि त्यात माणूस कोण, तर 'एक मच्छीमार', 'स्थानिक बागायतदार', 'काही महिला'. 3 जून 2020 ला निसर्ग वादळात ज्याची पोफळीची बाग आडवी झाली त्याला नाव नाही, गाव नाही, नुसता हेक्टरचा आकडा. तालुक्याच्या पेपरला बातम्या देणारी किंवा गावाचं फेसबुक पेज चालवणारी जी पोरंपोरी आहेत त्यांच्यासाठी हे लिहितोय, कारण मला मनापासून वाटतं की हे बदलता येतं, आणि कसं ते एका अमेरिकन बातमीदाराने ऐंशी वर्षांपूर्वी करून दाखवलंय.

त्याचं नाव अर्नी पाइल. 1900 साली इंडियाना राज्यात डेना नावाच्या छोट्या गावाजवळ शेतकऱ्याच्या घरात जन्म, एकुलता एक. युनिव्हर्सिटीत पत्रकारिता शिकत होता पण 1923 मध्ये डिग्री पूर्ण व्हायच्या आधीच नोकरी मिळाली म्हणून निघून गेला. मग वॉशिंग्टनच्या पेपरात आला, 1928 पासून विमानांवर रोजचा कॉलम लिहिला, पुढे त्याच पेपराचा मॅनेजिंग एडिटर झाला, पण केबिनमध्ये बसून त्याचा जीव रमेना. 1935 पासून तो आणि त्याची बायको जेरी गाडीत बसून देशभर हिंडायला लागले, आठवड्याला सहा कॉलम, आणि विषय काय तर वाटेत भेटलेली माणसं. शेतकरी, खाणकामगार, हवाईमधल्या मोलोकाई बेटावरच्या वसाहतीतले कुष्ठरोगी. दुसरं महायुद्ध सुरू झाल्यावर हाच माणूस सैन्याबरोबर उत्तर आफ्रिका, सिसिली, इटली, फ्रान्समधलं नॉर्मंडी असा फिरला, 1944 मध्ये पत्रकारितेतलं मानाचं पुलित्झर पारितोषिक मिळालं, चारशेच्या आसपास दैनिकांत त्याचा कॉलम यायचा, आणि 18 एप्रिल 1945 ला जपानमधल्या ओकिनावाजवळच्या इए शिमा बेटावर जपानी मशीनगनच्या गोळीने गेला.

आता त्याची पद्धत, आणि ती आपल्याकडे कशी वापरायची ते.

आधी जागा धरा. पाइल सेनापतींच्या प्रेस कॉन्फरन्सपेक्षा पायदळाच्या तुकडीत जाऊन राहायचा, त्यांच्यासोबत जेवायचा, खड्ड्यात झोपायचा, आणि मग मागे येऊन लिहायचा. आपल्याला हे खूप सोपं आहे. दापोलीजवळच्या हर्णै बंदरावर मासळीच्या लिलावाच्या वेळी सगळेच जातात, फोटो काढतात आणि पापलेटचा भाव विचारून परत येतात. तुम्ही लिलावाच्या आधी जा आणि लिलाव संपल्यावर थांबा. होडीतून माल उतरवतात, बैलगाडी पाण्यात घालून किनाऱ्यावर आणतात तेव्हा कोणालाच तुमच्याशी बोलायला वेळ नसतो, मध्ये मध्ये करू नका, नुसतं बघा. सगळं आटपल्यावर खलाशी चहाला टेकतात ना, तेव्हा बसा त्यांच्यात. आणि पहिल्याच दिवशी मोबाईल पुढे धरून रेकॉर्डिंग चालू करू नका, माणूस लगेच भाषण द्यायला लागतो, "शासनाने लक्ष द्यावे" वगैरे.

पाइल गप्पा मारताना फारसं लिहून घेत नसे, पण एक गोष्ट मात्र न चुकता टिपून घ्यायचा, सैनिकाचं पूर्ण नाव आणि घरचा पत्ता. कॉलममध्ये अमुक राज्यातल्या तमुक गावचा हा पोरगा, असं थेट यायचं, काही वेळा घरचा रस्तासुद्धा. का, तर तिकडे त्याची आई पेपर वाचत असायची. हे वाचलं तेव्हा मला आपले चाकरमानीच डोळ्यासमोर आले, विरारला नाहीतर लालबागला बसलेलं आख्खं घर गावची बातमी शोधत असतं. 'एक तांडेल' (होडीचा मुख्य खलाशी) लिहिलंत तर ती बातमी कोणाचीच नाही, नाव आणि गाव लिहिलंत तर ती बातमी एका घराची झाली.

पण इथे एक गोष्ट नीट समजून घ्या, अमेरिकेत ती नव्हती. आपल्याकडे आडनाव आणि वाडी लिहिली की बहुतेक वेळा जात कळते. काही जणांना वाडीचं नाव छापून आलेलं आवडतं, काहींना त्याचा त्रास होतो. म्हणून सरळ विचारायचं, "काकी, नाव कसं लिहू, वाडी टाकू का नुसतं गाव?" तसंच कर्ज, आजारपण, भावकीची भांडणं, कोर्टात चाललेली जमीन, हे गप्पांमध्ये सहज बोललं जातं, ते छापायच्या आधी परत विचारायचं. नाही म्हणाल्या तर नाही, विषय संपला.

मग तपशील. 1944 मध्ये नॉर्मंडीच्या किनाऱ्यावर फौजा उतरल्या त्याच्या दुसऱ्या दिवशी पाइल तिथे पोचला आणि वाळूत काय काय पडलंय ते लिहीत गेला, सिगारेटची पाकिटं, पत्रं लिहायचे कोरे कागद, टूथब्रश, घरच्यांचे फोटो, कुणीतरी बरोबर आणलेली टेनिसची रॅकेट. किती माणसं गेली हे त्या वस्तूंवरूनच कळतं. 22 जुलै 2021 ला चिपळूणला पूर आला तेव्हा 'कोट्यवधींचे नुकसान' सगळ्यांनी लिहिलं. तसं पुन्हा कधी झालं (न होवो) तर पाणी ओसरल्यावर एकच दुकान धरा आणि बाहेर चिखलात काय काढून ठेवलंय ते एकेक लिहा, कुठली वस्तू फेकायला काढलीय आणि कुठली पुसून वाळत घातलीय हेसुद्धा.

संकटच हवं असं काही नाही. मे महिन्याच्या शेवटी, आगोटीच्या, म्हणजे पावसाळ्याची बेगमी करायच्या गडबडीत, कुठल्याही मच्छीमार वाडीत जा. बोंबील वलांडीवर (वाळवायच्या बांबूंच्या मांडवावर) लटकलेले असतात, खाली जुन्या जाळ्यावर सुकट पसरलेली, एखादी काकी हाताने सुकट परतते, दोन दाणे तोंडात टाकते, बोंबील वाकवून बघते आणि दर दोन मिनिटांनी दक्षिणेकडच्या ढगांकडे नजर, कारण एक सर आली तर सगळं वाया. 'सुकी मासळी महागली' ही बातमी यातून लिहा. तिने ओला माल कितीला घेतला, वाळून किती उरला, बाजारात वाटा कितीला गेला, हे तीन आकडे तिच्याकडूनच मिळतात आणि सगळा धंदा समजतो.

भाषा साधी ठेवा. पाइलचा सगळ्यात गाजलेला कॉलम जानेवारी 1944 चा, इटलीत मारल्या गेलेल्या कॅप्टन वास्को या अधिकाऱ्यावरचा. खेचरावरून त्याचं शव डोंगराखाली आणलं आणि त्याचे सैनिक एकेक करून जवळ आले, एकाने हात धरला, शर्टाची कॉलर सरळ केली, बस. वीरमरण, अश्रूंचा बांध असलं काही नाही. आपल्या पेपरात 'शोककळा पसरली' न लिहिता कोण आलं आणि काय केलं तेवढं लिहा, शोक वाचणाऱ्याला दिसतोच.

आणि असं लिहून काही होतं का, असं विचारणारे भेटतील, तर त्यांना हे सांगा. पाइलने इटलीतून लिहिलं की वैमानिकांना जादा भत्ता मिळतो तर समोरासमोर लढणाऱ्या पायदळालाही मिळायला हवा. 1944 मध्येच अमेरिकन संसदेने महिना 10 डॉलरचा जादा भत्ता मंजूर केला आणि लोक त्याला अर्नी पाइल बिलच म्हणायला लागले. मागणी नेमकी होती, ती कोणासाठी आहे त्या माणसांना वाचक आधीच कॉलममधून ओळखत होते. खलाशांचा विमा असो, बंदरावर बायकांसाठी संडास नसणं असो, आधी दोन-चार माणसं वाचकाला भेटवा, मग एकच मागणी ठेवा, आणि ती कोणत्या ऑफिसकडे आहे ते नावानिशी लिहा, तिथल्या साहेबांची बाजूही घ्या.

छापायला पाठवण्याआधी नावाचं स्पेलिंग, वय, आकडे फोन करून परत तपासा. एडिटर नाव-गाव कापतात, जागा नाही म्हणतात, तर नाव पहिल्या दोन वाक्यांत घाला म्हणजे कापता येत नाही. बातमी आली की अंक स्वतः नेऊन द्या, त्यांच्या मुंबईच्या माणसांना फोटो पाठवा, चूक निघाली तर पुढच्या अंकात दुरुस्ती मागा. आणि 1 जूनला मासेमारी बंद होऊन होड्या किनाऱ्यावर ओढून शाकारल्या (झाकून ठेवल्या) की परत त्याच घरी जा, तेव्हा लोकांना बोलायला निवांत वेळ असतो आणि वर्षाचा खरा हिशोब तेव्हाच निघतो.