पाणगाठ: कथेतलं जादूचं चिन्ह कसं घडवायचं

वडगावात मी आरी वर्क करते, म्हणजे आकडीच्या सुईनं भरतकाम. लग्नसराई ओसरली की ओहळदेश नावाचं एक जग लिहीत बसते. तिथं वाहतं पाणी बांधून ठेवता येतं, आणि ते ज्या चिन्हानं बांधतात ती पाणगाठ. तुमच्या कथेसाठी असं चिन्ह हवं असेल तर माझी रीत सांगते.

सुरुवात अर्थापासून करू नका. ‘हे अग्नीचं चिन्ह’ असं म्हणत बसलं की कागदावर ज्वाळाच उतरते, आणि ती कुणालाही काढता येते. आधी हाताचा नियम ठरवा. पाणगाठीचा नियम असा: टेकवलेलं बोट उचलायचं नाही, काढलेल्या रेघेवरून परत जायचं नाही.

आता कंपास घ्या. 5 सेंटिमीटर त्रिज्येचं वर्तुळ काढा. मग कंपास 43 मिलिमीटरांहून केसभर जास्त उघडा आणि परिघावर सात खुणा करा. त्यांना ओळीनं 1 ते 7 आकडे द्या. प्रत्येक वेळी दोन ठिपके सोडून तिसऱ्याला रेघ न्या: 1, 4, 7, 3, 6, 2, 5, आणि परत 1. सात टोकांची चांदणी एका दमात पुरी होते.

सातच का, ते सहा घेऊन बघितलं की कळतं. एक ठिपका सोडून पुढचा जोडत गेलात तर 1, 3, 5 करून रेघ घरी परत येते आणि उरलेल्या तिघांसाठी हात उचलावाच लागतो. आठ ठिपक्यांत एक सोडून गेलात तर दोन वेगळे चौकोन पडतात, दोन सोडून गेलात तर चांदणी सलग येते. ठिपक्यांची संख्या आणि तुमची उडी (एक सोडून गेलात तर उडी 2, दोन सोडून गेलात तर 3), या दोघांना 1 सोडून दुसऱ्या कुठल्याही आकड्यानं भाग जात नसेल तर एकच रेघ सगळे ठिपके घेते. माझ्या कथेला खरं बळ या हिशेबानं दिलं. ओहळदेशात सहा ठिपक्यांची गाठ एकट्याला बांधता येत नाही, दोन माणसं लागतात. म्हणून दोन गावांतला पाणीतंटा मिटवताना तीच काढतात. हे मला सुचवावं लागलं नाही, आकृतीतच होतं.

चांदणी नको, वेलबुट्टी हवी असेल तर लिओनार्ड ऑयलरचा नियम वापरा. 18व्या शतकात कोनिग्सबर्गच्या सात पुलांचं कोडं सोडवताना त्यानं तो मांडला. आकृतीत जिथं जिथं रेघा मिळतात तिथं किती रेघा आल्या ते मोजा. विषम रेघांची ठिकाणं एकही नसतील किंवा दोनच असतील, तर सलग रेघेची आकृती हात न उचलता निघते. दोन असतील तर एकापाशी सुरुवात, दुसऱ्यापाशी शेवट. दुसरा इलाज नाही.

त्यामुळे पाणगाठीला मी एक शेपूट दिलं: 1 नंबरच्या ठिपक्यापासून बाहेर जाणारी आखूड रेघ. आता ठिपका 1 पाशी तीन रेघा, शेपटाच्या टोकाला एक. विषम ठिकाणं नेमकी दोन. ठिपका 1 पासून निघायचं आणि शेपटावर संपवायचं.

शेपटाकडे नीट लक्ष द्या, सगळी कथा तिथं आहे. आरीचा साखळीटाका सुरुवातीच्या बाजूनं ओढला तर सहसा हलत नाही. पण शेवटचा फास गाठ मारून बंद केला नसेल तर त्या टोकाला ओढताच अख्खी वेल सरसर उसवते. प्रत्येक जादूच्या चिन्हाला असं एक टोक असावं, आणि ते कुठं आहे हे चिन्ह काढणाऱ्याला माहीत असावं. ओहळदेशात बांधलेलं पाणी सोडायचं तर शेपटापासून उलट वाटेनं बोट फिरवतात. ज्याला शेपूट ओळखता येतं तो चोर.

चूक झाली तर काय, हेही लिहून ठेवा. ‘काही घडत नाही’ हे उत्तर फार लंगडं. 6 आणि 2 च्या मध्ये बोट उचललं गेलं तर शेजारच्या दोन विहिरींचं पाणी अदलाबदल होतं, असं मी ठरवलं. गोडं खारीत, खारं गोडीत.

स्वस्तिक, ओम, गोपद्म जसंच्या तसं उचलू नका, असं माझं ठाम मत आहे. चातुर्मासात 33 गोपद्मं काढणाऱ्या बाईची श्रद्धा त्यात आहे, तुमच्या राक्षसाला ती उसनी देऊ नये. रीत मात्र खुशाल शिका. शेजारच्या अक्का दारात चुक्की रंगोली, म्हणजे ठिपक्यांची रांगोळी, घालतात तेव्हा सगळे ठिपके आधी पडतात, रेघ नंतर. वीरगळाच्या, म्हणजे लढाईत पडलेल्या वीराच्या स्मारकशिळेच्या, माथ्यावर चंद्र-सूर्य कोरत ते चंद्र-सूर्य असेपर्यंत कीर्ती टिकावी म्हणून. टिकण्याची मुदत चिन्हातच सांगून टाकायची, ही मोठी युक्ती. माझी पाणगाठ रांगोळीत काढली तर वारा सुटेपर्यंत टिकते, ओल्या मातीत दाबून भाजली तर मडकं फुटेपर्यंत, दगडात कोरली तर गाव उठेपर्यंत. किंमतही तशीच चढत जाते.

चिन्ह कशाला बांधतं, ती गोष्ट तुमच्या पायाखालची असू द्या. बेळगाव जिल्ह्यातल्या कणकुंबीला माउलीच्या देवळापाशी उगम पावणारी मलप्रभा पुढं कूडलसंगमला कृष्णेला मिळते. ओहळदेशातली पहिली गाठ मी उगमापाशीच बांधली, कारण खाली कुणाकुणाचं पाणी अडेल हे मला माहीत होतं.

शेवटी परीक्षा. घरातल्या कुणाला तरी चिन्ह एकदा काढून दाखवा, कागद काढून घ्या, आणि दुसऱ्या दिवशी पिठात बोटानं काढायला सांगा. ठिपके विसरले तर चालेल, ते मोजून घेता येतात. उडी विसरली तर दोन ठिपके कमी करून पाच ठेवा आणि एक सोडून पुढचा जोडा. पाच सगळ्यांच्या हाताला लागतं. शेपूटच राहून गेलं तर ते लांब करा, दुप्पट करा, पण काढून टाकू नका.