लग्नातला मानपान: कोणाला किती द्यायचं ते कसं ठरवायचं

लग्नाचं बजेट काढताना हॉल, केटरर, दागिने, फोटोवाला सगळं पहिल्या पानावर येतं आणि मानपान मात्र "ते काय, साड्याच तर घ्यायच्यात, बघू नंतर" म्हणून मागे राहतं, आणि मग लग्न तीन आठवड्यांवर आलं की कळतं साड्याच साठ होतायत, वर शर्टपीस, टॉवेल-टोपी, शाली आणि पाकिटं वेगळीच. आमच्या घरात लग्न निघालं की ही यादी बहुतेक वेळा माझ्याच गळ्यात पडते, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

आधी आकडा ठरवू नका, आधी नावं लिहा. वहीचं एक पान आपल्या माणसांचं, एक समोरच्यांचं. प्रत्येक नावापुढे नातं आणि लग्नातलं काम, म्हणजे करवली, मुलीला बोहल्यावर आणणारा मामा, कान पिळणारा भाऊ, पाठराखीण, विहीणबाई, नणंदा, आत्या, भटजी, रुखवत मांडणारी काकू, स्वतःची गाडी घेऊन दोन दिवस राबणारा चुलतभाऊ. हा शेवटचा यादीत कधीच नसतो बरं का, आणि खरं तर त्यालाच सगळ्यात आधी लिहायला हवं.

समोरच्या पानाबद्दल साखरपुड्यानंतर लगेच एकदा व्याह्यांशी सरळ बोलून घ्या. "तुमच्याकडे मानाच्या साड्या किती, पुरुषांना कपडे की पाकीट?" एवढंच विचारायचं, यात लाजण्यासारखं काही नाही, उलट त्यांनाही सुटल्यासारखं होतं. हल्ली बऱ्याच घरांत "दोन्हीकडून पाच-पाच साड्या, बाकी काही नको" असं ठरतं आणि ते उत्तमच. पण एक लक्षात ठेवा, आपण हौसेने दिलं तर तो मान, त्यांच्याकडून "सगळ्या जावयांना अंगठ्या हव्यात" अशी यादी आली तर तो मानपान राहत नाही. 1961 च्या हुंडा प्रतिबंधक कायद्यात लग्नाच्या संबंधात मागितलेली वस्तू हुंड्यातच धरतात, मग ती नवऱ्यामुलासाठी मागितली काय की त्याच्या काकासाठी काय, फरक पडत नाही.

नावं झाली की त्यांचे तीन गट करा. पहिला, ज्यांच्याशिवाय विधी होत नाही किंवा ज्यांचा मान मोठा: करवल्या, मामा-मामी, सख्खी आत्या, विहीण, नणंद. दुसरा गट म्हणजे जवळचे काका-काकू, मावश्या, चुलत-मावस बहिणी. तिसऱ्यात बाकी सगळे, ज्यांना ओटीचा खण-नारळ, टॉवेल-टोपी नाहीतर छोटं पाकीट पुरतं. आता समजा तुमच्याकडे मानपानाला 60 हजार आहेत. पहिल्या गटात 12 माणसं, प्रत्येकी अडीच हजार, झाले 30 हजार. दुसऱ्यात 25 जण सातशेने, म्हणजे साडेसतरा हजार. तिसऱ्यात 40 जण दीडशेने, 6 हजार. एकूण साडेत्रेपन्न. उरलेल्या साडेसहा हजारांना हात लावू नका, ते कुठे जातात ते खाली सांगते. बेरीज बसत नसेल तर दर कमी करण्याआधी नावं खालच्या गटात सरकवून बघा, पहिला गट नेहमी उगाच फुगलेला असतो.

आता भांडणाची जागा. माणसं साडी किती रुपयांची आहे यावरून फारशी रुसत नाहीत, शेजारच्या बाईपेक्षा आपली हलकी आहे यावरून रुसतात. जेवणानंतर खोलीत पिशव्या उघडल्या जातात, एक मावशी दुसरीच्या साडीचा पदर दोन बोटांत धरून "हिला जर आहे गं, माझी प्लेन आहे" म्हणते आणि झालं, पुढची दहा वर्षं ते ऐकायचं. म्हणून एका गटात एकाच प्रकारची साडी घ्या, रंग फक्त वेगळे. लक्ष्मी रोड असो नाहीतर दादरचं हिंदमाता, दुकानात गेल्यावर पहिलंच सांगायचं की "एका डिझाइनच्या 12 हव्यात, रंग बदलून", मग ते गठ्ठाच काढतात आणि भावातही थोडं सुटतं. सगळ्या साड्या लॉटमधल्या दिसल्या तरी चालतील. मात्र विहीणबाईंची साडी वेगळी आणि स्वतः निवडलेली असावी, तिथे काटकसर नको.

करवल्यांचं गणित हल्ली बदललंय. पूर्वी करवली म्हणजे धाकटी बहीण, एक परकर-पोलकं नाहीतर साडी, विषय संपला. आता सहा मैत्रिणी एकाच रंगाच्या साडीत आणि नवऱ्यामुलाचे मित्र एकसारख्या फेट्यात. माझं मत स्पष्ट आहे, कपडे तुम्ही ठरवणार असाल तर पैसेही तुम्हीच द्या आणि तीच त्यांची भेट समजा, त्यावर वेगळं गिफ्ट हवंच असं नाही. नोकरीला नुकतीच लागलेली पोरगी तिकीट काढून, रजा टाकून येते, तिला तीन हजारांची साडी घ्यायला लावायची आणि वर शंभर रुपयांचा मग हातात द्यायचा, हे बरं दिसत नाही. फेट्याचे पैसे तर बांधणारा डोक्यामागे घेतो, तेव्हा "सगळ्यांनाच बांधा" म्हणण्याआधी डोकी मोजा.

कानपिळीला आणि बूट लपवणाऱ्या मेव्हण्यांना काय द्यायचं ते मुलाकडच्यांनी आधीच ठरवून पाकिटं वेगळी ठेवावीत, मांडवात घासाघीस मजेची वाटते पण मजेमजेत आकडा कुठल्या कुठे जातो. पूर्वी कान पिळणाऱ्या भावाला अंगठी घालायची हौस असायची, पण 2025 मध्ये सोनं तोळ्याला लाखाच्या वर गेलं, म्हणजे एक ग्रॅमलाच दहा हजारांहून जास्त. चांगलं घड्याळ किंवा चांदी द्या, पोरगं खुश होतं.

त्या साडेसहा हजारांचं आता. दुसऱ्या गटातल्या साड्या तशाच दिल्या तरी चालतात पण पहिल्या गटाला फॉल-पिको करूनच द्यावी, नाहीतर ती साडी कपाटात पडून राहते आणि वर्षाने दुसऱ्या कोणाच्या तरी लग्नात आहेर म्हणून फिरते. शिवाय पिशव्या, खण, नारळ, सुपाऱ्या, हळकुंडं, एक रुपयाचं नाणं चिकटवलेली पाकिटं. प्रत्येक पिशवीवर मार्करने नाव आणि नातं दोन्ही लिहा, कारण "सुनंदा" प्रत्येक घरात दोन असतात. नावं लिहिलेल्या पिशव्या एकाच माणसाकडे द्या, आणि ते माणूस नवरीची आई नको, तिला त्या दिवशी पाणी प्यायला वेळ नसतो.

आणि चार-पाच साड्या, चार शर्टपीस, दहा पाकिटं बिननावाची जास्तीची ठेवाच. जळगावच्या आत्या "जमणार नाही" म्हणालेल्या असतात आणि मुहूर्ताला दोन सुनांसकट हजर होतात. उरल्या तर दुकानदार बदलून देतो का ते बिल करतानाच विचारून घ्या, बरेच जण फॉल न लावलेल्या साड्या परत घेतात.